आंबेनळी घाटात कातळ वाचायचा तर

पावसाळ्यात जाऊ नका. दरडींची भीती आहेच, शिवाय गवताखाली कातळ दिसतच नाही. दिवाळीनंतर जा, सकाळी. भिंग, पाण्याची बाटली आणि एक खिळा पुरे. हातोडी घरीच ठेवा.

पोलादपूरहून महाबळेश्वरकडे चढताना रुंद वळण आलं की थांबा आणि आधी समोरचा डोंगर बघा. पायऱ्या दिसतील. लाव्ह्याच्या या थरांना 'डेक्कन ट्रॅप' म्हणतात; त्यातला ट्रॅप हा पायरी या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आला. उभा कडा म्हणजे लाव्ह्याच्या थराचा घट्ट गाभा. त्यावरचा गवताळ उतार म्हणजे थराचा भुसभुशीत माथा.

मग रस्त्याकडेच्या कातळाजवळ जा, पण सुट्या धोंड्यांखाली नको. पाणी ओता. काळ्या दगडात वाटाण्याएवढी भोकं उठून दिसतात, काहींत पांढरे खडे भरलेले. खिळ्याने ओरखडा उठला तर बहुधा कॅल्साइट किंवा झिओलाइट ही मऊ खनिजं, नाही उठला तर गारगोटी. पोरं या खड्यांवरच तुटून पडतात. मी त्यांना रिकामी भोकं दाखवते. तिथे वायूचे बुडबुडे होते. सामूहिक विलोपनात, म्हणजे असंख्य प्रजाती एकदम संपण्यात, ज्वालामुखींवर आरोप आहे तो या वायूंमुळेच: गंधकाच्या वायूंनी काही वर्षं गारठा, कार्बन डायऑक्साइडने हजारो वर्षं उष्मा.

दोन काळ्या थरांमध्ये गेरूसारखी तांबडी पट्टी सापडली तर तिथे वेळ काढा. दोन उद्रेकांमधल्या विश्रांतीत खालचा थर कुजून तिची माती झाली, वरच्या लाव्ह्याने ती भाजली. अशाच पट्ट्यांतल्या राखेत सापडणाऱ्या झिरकॉन या खनिजाच्या कणांवरून लाव्ह्याचं वय काढलं गेलं. बहुतेक लाव्हा सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या आगेमागे, दहाएक लाख वर्षांत ओतला गेला.

"बाई, डायनासोरचं हाड कुठाय?" हे दरवर्षी. या लाव्ह्यात नाही. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पिसदुऱ्याला, लाव्ह्याखालच्या लमेटा नावाच्या गाळाच्या थरांत मिळतात.

डायनासोर संपल्याचं सगळं खापर आपल्या घाटावर फोडू नका. मेक्सिकोतल्या चिक्शुलूबचं, लघुग्रह आदळून झालेलं सुमारे 180 किलोमीटर रुंद विवर त्याच काळातलं, आणि बहुतेक संशोधक मुख्य घाव तोच मानतात. पण 25 कोटी 20 लाख वर्षांपूर्वी समुद्रातल्या दहापैकी आठ-नऊ प्रजाती संपल्या, तेव्हा सैबेरियात असाच लाव्हा वाहत होता. म्हणून भोकं बघायची.

वहीत थर खालून वर लिहा, सर्वांत जुना पानाच्या तळाशी. निम्मी पोरं हमखास उलटं लिहून आणतात.