ओसाकातली खाण्याची फेरी: सांगलीतून निघण्याआधी काय ठरवायचं

जपानच्या सहलीत ओसाका असेल तर एक संध्याकाळ दोतोम्बोरी-नाम्बा भागातल्या खाण्याच्या फेरीला द्यावी. सहा ते दहा माणसं, सोबत इंग्रजी बोलणारा गाईड, साधारण तीन तास आणि चार-पाच दुकानं, असा हा मामला असतो. गट एवढा लहान का, ते आधी समजून घ्या, कारण बाकीचे नियम त्यातूनच निघतात. गाईड ज्या गल्ल्यांत नेतो तिथल्या दुकानात काउंटरपुढे जेमतेम आठ-दहा स्टुलं असतात आणि ती त्याने ठरावीक वेळेसाठी धरून ठेवलेली असतात. तुम्ही पंधरा मिनिटं उशिरा पोचलात की पुढच्या सगळ्या दुकानांची वेळ चुकते, म्हणून तो थांबत नाही. आपल्याकडे पहिली पंगत चुकली तर दुसरीत बसता येतं. तिथे दुसरी पंगतच नसते.

जाहिरातीतल्या ‘पंधरा पदार्थ’ वगैरेला भुलू नका. उकडलेल्या सोयाच्या शेंगा आणि दोन फोडी लोणचंही त्यात मोजलेलं असतं. विचारायचं ते हे: किती ठिकाणी बसायचं आणि किती ठिकाणी उभ्याने खायचं, पैशात पेयं किती, गटात जास्तीत जास्त माणसं किती, आणि किती तास आधी रद्द केलं तर पैसे परत. माणशी आठ ते पंधरा हजार येन हा नेहमीचा भाव. सांगलीहून सात-आठ जण एकत्र निघाले असतील तर खासगी फेरीचा दर जरूर विचारा. सगळ्यांचं पथ्य सारखं असेल तर गाईड बरेचदा दुकानंच बदलून देतो. मिश्र गटात ते जमत नाही.

शनिवारी संध्याकाळी दोतोम्बोरीतल्या एबिसुबाशी पुलावर पाय ठेवायला जागा नसते, मधला वार घ्या. १ ते ३ जानेवारी आणि ऑगस्टच्या मध्यावर ओबोन या पितरांच्या सणाच्या दिवसांत घरगुती दुकानं बरीच बंद असतात. आपली दिनदर्शिकाही उघडून बघा. गणपतीच्या गावातली माणसं आपण. बुकिंग केलेल्या दिवशी संकष्टी निघाली आणि ते आदल्या रात्री लक्षात आलं, तर पैसे गेलेच म्हणून समजा.

खरा प्रश्न दाशीचा

शाकाहारी माणसाची तिथे फसगत होते ती मांसामुळे नाही, दाशीमुळे. दाशी म्हणजे कोम्बु हे समुद्री शेवाळ आणि कात्सुओबुशि म्हणजे वाळवून धुरावलेल्या बोनिटो माशाचे काप, यांचं पाणी. आपल्या फोडणीसारखी ती सगळीकडे असते: मिसोच्या (आंबवलेल्या सोयाच्या) सुपात, उदोन या जाड शेवयांच्या रश्श्यात, तेम्पुरा म्हणजे जपानी भज्यांबरोबरच्या पाण्यात, ओकोनोमियाकी या कोबीच्या धिरड्याच्या पिठातसुद्धा. ताटलीत मासा दिसत नाही, वासही फारसा येत नाही, आणि दुकानदार मनापासून ‘यात मासा नाही’ म्हणतो, कारण त्याच्या लेखी दाशी म्हणजे मासा नव्हेच. ‘व्हेजिटेरियन’ हा शब्दही तिथे सैल आहे. तो ऐकून अंडं आणि मासळी चालत असेल असं धरणारे पुष्कळ भेटतात.

म्हणून दाशी चालेल की नाही, हे सांगलीत घरी बसून ठरवा. काउंटरवर वाफाळता वाडगा पुढे आल्यावर ही चर्चा काढू नका. चालत असेल तर फेरी सुखाची होते. चालत नसेल तर बुकिंग करतानाच गाईडला लिहा, माणसागणिक आणि पदार्थागणिक: ‘चार जण आहोत. दोघांना कोंबडी व मासे चालतात, गोमांस व डुक्कर नाही. एक जण मांस, मासे, अंडं खात नाही पण दाशी चालते. एकीला दाशीही चालत नाही, दूध चालतं.’ एवढं नेमकं लिहिलं की गाईडला दुकानात आधी फोन करता येतो. ‘आम्ही हिंदू, शाकाहारी’ या शब्दांतून त्याला काहीच कळत नाही.

गोमांस टाळणाऱ्यांनी एक शब्द पक्का ध्यानात ठेवावा. ‘निकु’ म्हणजे मांस, पण ओसाकाच्या बाजूला नुसतं ‘निकु’ म्हटलं की गोमांसच समजतात. डुकराच्या सारणाचा जो वाफवलेला पाव तोक्योत ‘निकुमान’, तोच ओसाकात ‘बुतामान’ होतो. नाव बदलायचं कारण हेच. कुशिकात्सु म्हणजे काडीला टोचून तळलेल्या तुकड्यांतली मूळ काडी गोमांसाची, आणि मिसोत शिजवलेलं दोतेयाकी म्हणजे गाईबैलांचे स्नायूबंध. ही वाक्यं पाठ करा किंवा मोबाईलवर जपानी लिपीत लिहून ठेवा: ‘ग्यूनिकु वा ताबेमासेन’, गोमांस खात नाही. ‘निकु मो साकाना मो ताबेमासेन’, मांसही नाही, मासेही नाही. ‘कात्सुओबुशि नुकि दे’, वर माशाचे काप घालू नका. या तिसऱ्या वाक्याने वरचे काप जातात, पिठातली दाशी तशीच राहते.

सांगलीकडची जैन मंडळी या सहलींत बरीच असतात, त्यांच्यासाठी स्पष्ट सांगतो: कांदा-लसूण वर्ज्य असेल तर संध्याकाळची फेरी घेऊच नका. दोतोम्बोरीत कांद्याच्या पातीशिवाय ताटली पुढे येणं कठीण. सूर्यास्तापूर्वी जेवायचं असेल तर वेळेचा घोळ वेगळाच. ओसाकात जूनमध्ये सूर्य सव्वासातच्या सुमारास मावळतो, डिसेंबरात पाच वाजायच्या आत. आणि बऱ्याच फेऱ्या पाच-सहाला सुरू होतात. त्यापेक्षा कुरोमोन बाजाराची सकाळची फेरी बघा. फळं मिळतात, बाजार छपराखालचा, आणि न खाताही बघण्यासारखा आहे.

पाय, पोट, पाकीट

चालणं दोन-तीन किलोमीटरच असतं, पण उभं राहणं फार. नवे बूट घेतले असतील तर आठवडाभर संध्याकाळी मारुती रोडच्या गर्दीत ते घालून दोन तास हिंडा, कुठे चावतात ते इथेच कळेल. बिनपाठीच्या उंच स्टुलावर गुडघेदुखीवाल्यांना अर्धा तास काढणं अवघड जातं, म्हणून ‘एका दुकानात तरी टेबल हवं’ हे आधी कळवा. काही ठिकाणी बूट काढून तातामीवर, म्हणजे गवती चटईवर, बसतात. तेव्हा मोजे धड असू द्या. छोट्या दुकानांत अजूनही सिगारेट ओढली जाते, कारण २०२० च्या धूम्रपानबंदीतून अगदी लहान जुन्या दुकानांना सूट मिळालेली आहे. शिवाय तव्याचा धूर. रेशमी साडी हॉटेलातच राहू द्या.

दुपारी एकपर्यंत हलकं जेवा, पण पोट अगदी रिकामं ठेवू नका. पहिल्याच दुकानात पेय येतं आणि उपाशीपोटी बिअर चढते. न पिणाऱ्यांनी ‘ऊरोन-चा’ मागावा, म्हणजे बिनसाखरेचा ऊलाँग चहा. सगळ्यांचे पेले आल्याशिवाय आणि ‘कानपाई’ (चीअर्स) झाल्याशिवाय कोणी घोट घेत नाही. दारूसाठी वय २० पूर्ण लागतं.

पाच-सहा हजार येन रोख जवळ ठेवा, थोडी १०० येनची नाणी त्यात असू द्या. फेरीबाहेरचं पेय रोखीनेच द्यावं लागण्याची शक्यता फार. टिप देऊ नये, दुकानदार सुट्टे विसरलात म्हणून मागे धावत येतो. फेरी संपल्यावर स्वतःहून दुसऱ्या दुकानात बसलात तर न मागता खाण्याची एक छोटी वाटी पुढे येईल आणि बिलात माणशी ३००-५०० येन लागतील. ती फसवणूक नाही. बसण्याचा तो रिवाज आहे, ओसाकाकडे त्याला ‘त्सुकिदाशि’ म्हणतात. रस्त्यावर हाताला धरून ‘या या’ करणाऱ्यांच्या मागे मात्र जाऊ नका.

प्रत्यक्ष खाताना

नाम्बा नावाची स्टेशनं अनेक आहेत: मेट्रोचं, नानकाई आणि किन्तेत्सु या खासगी रेल्वेंची, आणि जेआर म्हणजे जपान रेल्वेचं. जेआरचं बाकीच्यांपासून बरंच लांब पडतं. भेटीच्या जागेजवळचा एक्झिट नंबर लिहून घ्या, पंधरा मिनिटं आधी पोचा आणि स्टेशनातच स्वच्छतागृह उरकून घ्या, पुढच्या दुकानांत असेलच असं नाही. सरकत्या जिन्यावर ओसाकात उजवीकडे उभे राहतात. तोक्योहून आलेले इथे हमखास डावीकडे उभे राहून वाट अडवतात.

ताकोयाकी म्हणजे ऑक्टोपस घातलेला पिठाचा गोळा. तो १९३५ सालापासूनचा, दोतोम्बोरीत धावणाऱ्या माणसाचा ग्लिकोचा फलकही पहिल्यांदा त्याच वर्षी लागला. खोलगट साच्यांचा तवा बघितलात की आप्पेपात्र आठवेल. फरक पिठात आहे. आप्प्याचं पीठ दाट, आंबवलेलं. इथलं ताकासारखं पातळ. ते साचे भरून वर तव्यावर पसरेल इतकं ओततात, मग ऑक्टोपसचा तुकडा, कांद्याची पात, लाल आलं आणि तळणीचा चुरा. खालची बाजू धरली की टोकदार सळीने पसरलेलं पीठ आत ढकलत गोळा पाव वळण फिरवतात, मग पुन्हा थोडा. वरून कवच होतं, आतलं पातळ पीठ मात्र तसंच उकळतं राहतं. आपल्या सवयीने अख्खा गोळा तोंडात टाकला की टाळू भाजते आणि पुढच्या तिन्ही दुकानांची चव जाते. काडीने वरून फोडा, वाफ जाऊ द्या, अर्धा मिनिट थांबून अर्धा खा. वर घातलेले बोनिटोचे काप हलताना दिसतात ते वाफेने, जिवंत काही नसतं.

कुशिकात्सु म्हणजे काडीला टोचून, चुऱ्यात घोळवून तळलेले तुकडे. सॉसचा डबा सामाईक असेल तर काडी एकदाच बुडवायची, चावा घेतल्यावर कधीच नाही. सॉस कमी पडला तर कोबीच्या पानाने उचलून वर घाला, कोबी त्यासाठीच असतो. कोरोनानंतर पुष्कळ दुकानांनी डबा काढून बाटल्या ठेवल्या आहेत. रिकाम्या काड्या नळकांड्यात टाका, बिल त्या मोजून होतं. शाकाहाऱ्यांना कमळकाकडी, शिताके अळंबी, कांदा आणि लाल आल्याची काडी मिळते. आल्याची काडी खास ओसाकाची, आपल्या तिखट जिभेला चटकन आवडते. पण घोळात अंडं असतं आणि कढई सगळ्यांची एकच.

ओकोनोमियाकी तव्यावर असताना उलथन्याने दाबू नका. कोबीतली वाफ निघून जाते आणि आत गच्च गोळा होतो. चॉपस्टिक भातात उभ्या खोचणं आणि एका काडीतून दुसऱ्या काडीत घास देणं या दोन्ही गोष्टी तिथे अंत्यविधीशी जोडलेल्या आहेत, तेवढ्या टाळा. घास वाटायचा असेल तर ताटली सरकवा. स्टॉलवरचं तिथेच उभं राहून खा आणि कागद त्याच दुकानात द्या, रस्त्यावर कचराकुंडी क्वचितच मिळते. पिशवीतला भडंग दुकानात उघडू नका, अगदी चव नाही लागली तरी. भडंगाची वेळ हॉटेलात.

आणि दाशीही न चालणारे त्या रात्री अर्धपोटीच राहतात, हे गृहीत धरा. परतताना कोपऱ्यावरच्या कॉन्बिनीत, म्हणजे रात्रीही उघड्या असणाऱ्या छोट्या दुकानात, ‘शिओ मुसुबि’ बघा, नुसत्या मिठाचा भाताचा गोळा. गरम हवा असेल तर दुकानातल्या मुलाला सांगून बघा.