हातोडाफेक: आधी पाय, मग चार किलो

शाळेत अंगाने दणकट मुलगी दिसली की तिला थेट सर्कलमध्ये, म्हणजे फेकीच्या गोल जागेत, उभं करतात आणि हातात हातोडा देतात. खांद्याने ओढून ती 30 मीटर गाठते, जिल्ह्यात पदक मिळतं आणि पुढची तीन वर्षं आकडा जागचा हलत नाही. हातोडा म्हणजे तारेच्या एका टोकाला धातूचा गोळा, दुसऱ्या टोकाला धरायची मूठ. महिलांचा हातोडा 4 किलोचा असतो, अठरा वर्षांखालच्या मुलींचा 3 किलोचा. तेरा-चौदाव्या वर्षी सुरुवात करणाऱ्या मुलीला 2 किलोचा पुरतो, आणि तोसुद्धा पहिले दोन महिने गोदामातच राहू द्या.

कारण साधं आहे. 75 मीटर जायला हातोडा सेकंदाला साधारण 27 मीटर वेगाने सुटावा लागतो. त्या क्षणी मुठीवर जवळपास पावणेदोनशे किलोची ओढ असते. ती दंडाच्या ताकदीने पेलत नाही. हात सरळ ठेवून, गुडघ्यात बसून, विरुद्ध बाजूला अंग टाकूनच पेलते. हात म्हणजे तारेचाच पुढचा तुकडा समजायचा. वेग पायांतून येतो, म्हणून पहिले दोन महिने फक्त टर्न, म्हणजे पायांवर स्वतःभोवती पूर्ण फिरणं.

सोसायटीच्या पार्किंगमधली गुळगुळीत फरशी चालते. फेकीच्या दिशेने खडूची रेघ मारा आणि त्या दिशेकडे पाठ करून मुलीला रेघेवर उभं करा, पाय खांद्यांइतके फाकवून. पुढचं सगळं उजव्या हाताच्या मुलीसाठी. डावी टाच रोवून चवडा डावीकडे फिरवायचा, त्याच वेळी उजवा पाय चवड्यावर फिरतो. डावा पाय नव्वद अंशांत आला की उजवा उचलायचा आणि डाव्या गुडघ्याला जवळजवळ घासून आणायचा. तोवर डाव्या पायावरचा भार टाचेवरून बाहेरच्या कडेवर आणि तिथून चवड्यावर येतो. उजवा पाय चवड्यावर टेकला की टर्न पूर्ण, आणि मुलगी रेघेवर पाऊलभर पुढे सरकलेली असते. दहा-दहाचे पाच सेट, आठवड्यातून चार दिवस. चक्कर येणारच, दोन आठवड्यांत जाते.

पायात टर्न बसतोय का, हे बूट सांगतो. डाव्या बुटाची बाहेरची कड झिजत असेल तर ठीक. नुसता चवड्याचा मध्य झिजला असेल तर मुलगी टाच वापरत नाही, उडी मारून फिरतेय. उजवा पाय मोठा फेरा घेत लांबून येत असेल तर तो उशिरा टेकतो. हातोड्याला वेग देता येतो तो मुख्यतः दोन्ही पाय जमिनीवर असताना. पाय उशिरा टेकला की तेवढी संधी गेली.

मग खांद्यांवर आडवी काठी, त्यानंतर जाळीच्या पिशवीत 2 किलोचा मेडिसिन बॉल (व्यायामाचा जड चेंडू), आणि तिसऱ्या महिन्यात हातोडा. हातोड्याची मूठ डाव्या हाताच्या बोटांच्या मधल्या पेरांवर धरायची, तळव्यात नाही. उजवा हात वरून. ग्लोव्ह डाव्या हातात. अंगठा सोडून बाकी बोटांची टोकं उघडी हवीत, असा नियमच आहे. आधी दोन स्विंग (उभ्या जागी हातोडा डोक्याभोवती फिरवणं) आणि एक टर्न, तो स्थिर झाल्यावर दुसरा, मग तिसरा. चौथ्याची घाई नको: सर्कल 2.135 मीटरचं आहे, पाय लांब पडले तर चौथ्या टर्नला जागाच उरत नाही.

हातोडा उजवीकडच्या जाळीत गेला तर तो लवकर सुटला, डावीकडे गेला तर उशिरा. पण खापर हातावर फोडू नका. बहुतेक वेळा मान आधी वळलेली असते, खांदे तिच्यामागे जातात आणि हातोडा मागे रेंगाळतो. नजर गोळ्यावर ठेवायला सांगा.

केज, म्हणजे सर्कलभोवतीची जाळी, नसलेल्या मैदानावर हातोडा बाहेर काढायचाच नाही. सकाळी फिरायला येणाऱ्या आजोबांना सेक्टर, म्हणजे हातोडा पडायची आखलेली जागा, ठाऊक नसतो. सरावाआधी तारेची दोन्ही टोकं पाहा. तिथे पीळ किंवा घडी दिसली की तार फेकून द्या. स्पर्धेत तार हवेत तुटली तर पुन्हा संधी मिळते, सरावात मात्र सुटा गोळा कुठे जाईल याचा भरवसा नाही.

लक्ष्य किती ठेवायचं? भारताच्या मंजू बालाने 2014च्या इंचॉन आशियाई खेळांत 60.47 मीटरवर कांस्य घेतलं, भारताच्याच सरिता सिंगने 2017 मध्ये 65.25 मीटर फेक केली. पॅरिस 2024चं सुवर्ण 76.97 मीटरवर गेलं आणि पोलंडच्या अनिता व्लोदार्चिकचा 2016चा विश्वविक्रम 82.98 मीटर आहे. कामिला स्कोलिमोव्स्काने 2000 साली सतराव्या वर्षी ऑलिंपिक सुवर्ण जिंकलं, पण तिच्याकडे पाहून कोणाही मुलीला घाई करू नका. 60 मीटरला आठ-दहा वर्षं लागली तरी चालतील. शिवाय राज्य पातळी ओलांडली की उत्तेजक चाचणीचा विचार करून दुकानातली प्रोटीन पावडर आणि घरगुती चूर्णं डॉक्टरांना दाखवल्याशिवाय बंद. लंडन 2012ला पहिली आलेली तात्याना लिसेंको उत्तेजक चाचणीमुळे बाद झाली आणि सुवर्ण व्लोदार्चिकला मिळालं.

जून ते सप्टेंबर पुण्यात सर्कल ओलं असतं आणि हातोड्याच्या बुटांचा तळ सपाट. पोतेरं आणि दोन कोरडे टॉवेल सोबत ठेवा, एक सर्कलच्या काठावर बूट पुसायला, दुसरा मुठीला. तरीही टाच घसरत असेल तर त्या दिवशी फेक नाही. पार्किंगमध्ये जाऊन टर्न.