काकांचा पखवाज वाजता ठेवताना

आमचे धाकटे काका लालबागच्या चाळीतल्या भजनात पखवाज वाजवायचे. १९७१ च्या डिसेंबरात, मराठा लाइट इन्फंट्रीच्या पहिल्या पलटणीतून तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या जमालपूरला लढताना गेले. घरात वर्दीतला फोटो राहिला आणि माळ्यावर पखवाज. पुढच्या पिढीला फोटो ठाऊक, काकांचं वाजवणं नाही. तुमच्या घरातही असं कुणी असेल तर आधी वाद्य खाली काढा.

पुडी, म्हणजे तोंडावरचं कातडं, बहुतेक गेलेली असते. ती बदलताना जिवाला लावून घेऊ नका; काकांनी स्वतःही बदलल्याच होत्या. लाकडी खोड मात्र तेच ठेवा. पॉलिश नको, हे कारागिराला आधीच सांगा. पुड्या ताणणाऱ्या चामड्याच्या वादीने पडलेले जुने वळ पुसले की परत येत नाहीत. वाजवून झालं की डाव्या पुडीवर आवाजासाठी लावलेली कणीक लगेच खरवडा, पुसा, पुडी सुकू द्या. नाहीतर झुरळं-उंदीर ती कुरतडतात. पावसाळ्यात ओल्या भिंतीला टेकवू नका. प्लॅस्टिकपेक्षा सुती खोळ बरी.

मग माणसं. "काका कसे होते?" विचारलं की आत्या डोळ्यांना पदर लावायची, "देवमाणूस होता," एवढंच म्हणायची. एकदा पखवाज पुढ्यात ठेवला आणि विचारलं, "गवळणीला काय वाजवायचे गं?" तिची बोटं मांडीवर चालू लागली. ठेका संपवून म्हणाली, "शेवटची थाप मारायच्या आधी हात वर धरून ठेवायचा. भजन म्हणणाऱ्या बुवांनी बघितल्याशिवाय खाली आणायचा नाही." इतक्या वर्षांत हे घरात कुणी बोललं नव्हतं. म्हणून असंच नेमकं विचारा, बोल म्हणायला लावा, पंखा बंद करून मोबाइलवर रेकॉर्ड करा. पुढच्या दिवाळीवर टाकू नका. आत्या त्याच वैशाखात गेली.

कागदांत सैनिक नंबर, हुद्दा, पलटण आणि तारीख एका पानावर उतरवा. दिल्लीच्या राष्ट्रीय समर स्मारकात २५,००० हून जास्त नावं कोरलेली आहेत. नाव शोधताना आडनावाचं स्पेलिंग बदलून बघा. आमचं दोन कागदांवर दोन तऱ्हेचं निघालं. अडलं तर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात विचारा.

आम्ही १० डिसेंबरच्या रात्री भजन लावतो. भाषण ठेवत नाही. आत्याचं रेकॉर्डिंग ऐकून माझ्या मुलाने तो ठेका बसवलाय. गवळण संपताना तो हात वर धरतो आणि बुवांकडे बघत थांबतो.