प्रेमकथेत दोघांनी नुसतं प्रेमच करू नये

दिवाळी अंकांत माझ्या कथा येतात म्हणून नवी पोरं-पोरी आपापल्या प्रेमकथा वाचायला आणून देतात. कोल्हापुरातल्या करवीर नगर वाचन मंदिरात बसून मी त्या वाचतो. 1850 सालापासूनचं वाचनालय, तिथल्या कपाटांनी प्रेमाचे सगळे प्रकार बघितलेत. पोरांच्या कथांत रंकाळा असतो, सूर्यास्त असतो, तिचे डोळे तर असतातच. दोघांचा पोटापाण्याचा उद्योग तेवढा कुठं सापडत नाही.

म्हणून माझा पहिला प्रश्न ठरलेला: हा करतो काय? शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत असेल तर पाळी कुठली? रात्रपाळी म्हटली की निम्मं कथानक हातात आलं. तो सकाळी सुटतो तेव्हा ती राजारामपुरीत क्लास घ्यायला निघालेली. मधे जेमतेम वीस मिनिटं, त्यात याच्या डोळ्यांवर झोप. आता बोलू द्या त्यांना.

"डबा खाल्लास काय?"
"निम्मा. भाजीत मीठच नव्हतं."
"मग आईला सांग की."
"नको. दिवसभर रानात असत्या ती."

आईला न दुखवणारा पोरगा तिला दिसला, आवडलाही. पुढं लग्न झाल्यावर हाच गुण तिला जड जाणार, हे वाचकाला तिच्या आधी कळतं. 'तुझ्याशिवाय जगू शकत नाही' लिहून यातलं काहीही हाती लागलं नसतं.

भेटीची जागाही विचार करून निवडा. रंकाळ्यावर कुणाचा तरी मामा फिरायला येतोच. त्यापेक्षा गंगावेशीतला दूध कट्टा बघा. समोर म्हैस पिळतात, धारोष्ण दुधाचा पेला हातात येतो. त्या गर्दीत दोघं शेजारी उभी राहिली तर कुणी वळून बघत नाही. त्याच्या मिशीला फेस लागतो. ती हात पुढं करत नाही, स्वतःच्याच ओठावरून बोट फिरवून दाखवते.

भांडण मात्र गैरसमजाचं नको, ते एका फोनवर मिटतं. भिशीचे पैसे तिला न विचारता भावाला दिले, असलं काहीतरी ठेवा.

आणि हो, आमच्याकडच्या पोरी 'मी जातो' म्हणतात. मुद्रितशोधक त्याचं 'जाते' करून पाठवेल. ते भांडून परत फिरवून घ्या.