वाळूच्या कारवाईत ट्रॅक्टर पकडला गेला, तर सोडवायचा कसा?

गोदावरी, भीमा, गिरणा, पूर्णा यांच्या काठच्या तालुक्यांत तहसील कचेरीच्या आवारात वाळूचे ट्रॅक्टर आणि हायवा (मोठे डंपर) महिनोन्‌महिने उभे असतात. टायर बसतात, बॅटऱ्या गायब होतात, बँकेचे हप्ते मात्र चालूच राहतात. विनापरवाना उपशाने नदीकाठच्या विहिरी आटतात, म्हणून कारवाई कडक हवीच. पण कायद्याने गाडी सोडवण्याची वाट ठेवली आहे, ती मालकाला माहीत असावी.

आधी एकच गोष्ट विचारा: गाडी कोणी पकडली? महसूल पथकाने पकडली असेल तर प्रकरण महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 खाली चालतं. पोलिसांनी गुन्हा दाखल केला असेल तर भारतीय न्याय संहितेचं चोरीचं कलम 303(2) लागतं आणि गाडीचा ताबा कोर्टातून मिळतो. कधी दोन्ही होतं. खाणकायद्याखाली कारवाई झाली तरी चोरीचा वेगळा गुन्हा चालू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये स्पष्ट केलं आहे. म्हणजे महसुलाचा दंड भरला की पोलीस केस मिटली, असं कोणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका.

मग पंचनाम्याची नक्कल घ्या. ती सावकाश वाचा, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं राहतं. वेळ, ठिकाण, गाडी आणि चेसिस नंबर, चालकाचं नाव पाहा. वाळू किती ब्रास (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट) लिहिली आहे ते खास बघा. ट्रॉलीत एक ब्रास असताना दीड लिहिली गेली, तर वाळूवरचा दंडही दीडपट होतो. टायर, बॅटरी, जॅक यांची नोंद नसेल तर लेखी अर्ज करून ती करून घ्या, गाडीचे फोटो जोडा आणि अर्जाची पोच घ्या.

महसुली दंड दोन प्रकारचा असतो. एक वाळूवरचा: कलम 48(7) नुसार बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. समजा ब्रासचा भाव 5,000 धरला, तर एका ब्रासला 25,000 पर्यंत. दुसरा गाडीवरचा: 2018 च्या नियमदुरुस्तीनुसार ट्रॅक्टर-ट्रॉली किंवा हाफ बॉडी ट्रकला 1 लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला 2 लाख, पोकलेनसारख्या खोदाई यंत्राला साडेसात लाख. शिवाय ही गाडी पुन्हा अवैध वाहतुकीला वापरणार नाही असं वैयक्तिक बंधपत्र द्यावं लागतं. त्याची रक्कम गाडीच्या बाजारमूल्यापर्यंत असू शकते.

इथे एक बाब बऱ्याच मालकांच्या नजरेतून सुटते. वाळूवरचा दंड तहसीलदार लावू शकतात. जप्त गाडी मात्र 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायची असते आणि सोडण्याचा अधिकारही त्यांचाच (कलम 48(8)). तेव्हा आदेशाखाली सही कोणाची, ते बघा.

नोटीस आली की मुदतीत लेखी खुलासा द्या. वाहतूक पास असेल तर त्यावरचा गाडी नंबर, मार्ग आणि वेळ पकडल्याच्या वेळेशी जुळते का ते तपासा. मुदत संपलेला पास दाखवून उपयोग नाही. गाडी विकली पण आरसी नावावरच राहिली असेल, तर नोटीस तुम्हालाच येणार. विक्रीचे कागद खुलाशाला जोडा.

पोलीस केसमध्ये न्यायदंडाधिकाऱ्यांकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली सुपुर्दनाम्याचा (केस चालू असताना गाडीचा ताबा मालकाकडे देण्याचा) अर्ज करतात. कुठलं कलम लावायचं ते वकील ठरवतील. आरसी, विमा, आधार सोबत लागतात. जप्त वाहनं पोलीस ठाण्यात विनाकारण अडकवून ठेवू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 मध्येच सांगितलं आहे. वकिलाला त्याचा आधार घ्यायला सांगा.

रात्री आवारातून गाडी पळवून नेण्याचा सल्ला देणारे गावात भेटतात. तसं केलं तर नवा, जास्त गंभीर गुन्हा अंगावर येतो.

दंड चुकीचा वाटत असेल तर संहितेच्या कलम 247 खाली अपील करा: तहसीलदारांच्या आदेशाविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्याकडे, उपजिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्ध जिल्हाधिकाऱ्यांकडे. मुदत 60 दिवसांची. अपिलासोबत स्थगितीचा अर्जही द्या, कारण थकलेला दंड जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो आणि त्याचा बोजा सातबाऱ्यावर चढू शकतो.