फ्रंट लोड मशीनला कोणता साबण, किती आणि कुठे

फ्रंट लोड, म्हणजे समोर दार असलेल्या वॉशिंग मशीनचा ड्रम कपडा वर उचलतो आणि तळाच्या थोड्याशा पाण्यात धपकन टाकतो. दगडावर धुणं आपटावं, तसंच हे काम. हातधुलाईच्या पावडरीला फेस भरपूर येतो आणि तो ड्रममध्ये गादीसारखा पसरतो. कपडा आपटतच नाही, त्यामुळे कॉलरचा मळ तसाच राहतो. शिवाय फेसामुळे पंपाला पाणी नीट ओढता येत नाही, मशीन पुन्हा पुन्हा खळबळत बसतं आणि तासाचं धुणं दीड तासावर जातं. म्हणून पाकिटावर ‘फ्रंट लोड’ लिहिलेलीच पावडर किंवा लिक्विड घ्या. वरून झाकण असलेल्या टॉप लोडमध्ये पाणी जास्त असतं, त्याला थोडा जास्त फेस चालतो. पण टॉप लोडची पावडर फ्रंट लोडला नको.

प्रमाण पाकिटावर बघा. अंदाज हवा असेल तर 6-7 किलोच्या मशीनमध्ये ड्रम पाऊण भरला असताना 50-60 ग्रॅम पावडर पुरते. बोअरचं पाणी असेल, बादलीला पांढरी पुटं चढत असतील, तर पावडर थोडी वाढवावी लागते, कारण पाण्यातले क्षार साबणाचा जोर खातात.

साबणाच्या ड्रॉवरमधला खण चुकला तर सगळंच चुकतं. दोन उभ्या रेघांचा खण मुख्य धुण्याचा, एका रेघेचा प्रीवॉशचा, म्हणजे मुख्य धुण्याआधीच्या धुण्याचा, फुलाचं चित्र असलेला कपडे मऊ करणाऱ्या सॉफ्टनरचा. प्रीवॉश लावला नसेल तर एका रेघेच्या खणातली पावडर तिथेच गोळा होऊन बसते. टॉवेलांना सॉफ्टनर घालूच नका, ते पाणी टिपेनासे होतात. रेशीम-लोकरीला एन्झाइमची पावडर नको, तिने धागा खराब होतो.

धुणं सुरू झाल्यावर पंधरा मिनिटांनी काचेतून बघा. पातळ फेस आणि पडणारे कपडे दिसायला हवेत. काच पांढरी झाली असेल तर दार उघडू नका. धुणं थांबवून पाणी काढा, मग सॉफ्टनरच्या खणात एक झाकण सॉफ्टनर घालून नुसतं खळबळण्याचं चक्र लावा. फेस बसतो.

साबण साचत आला असेल तर रिकामा ड्रम, 100 ग्रॅम लिंबूसत्त्व (सायट्रिक अ‍ॅसिड) आणि 60 अंशांचं धुणं. त्यासोबत ब्लीच कधीही घालू नका, विषारी क्लोरीन वायू सुटतो. नंतर दाराच्या रबराची घडी उलटून कोरड्या फडक्याने पुसा आणि दार थोडं उघडं ठेवा.