पोरांना ‘अवर गँग’ दाखवायचीय? मग ‘टीचर्स पेट’पासून सुरू करा

घरात पाच ते दहा वर्षांची पोरं असतील आणि त्यांना जुन्या ब्लॅक अँड व्हाइट कॉमेडीची गोडी लावायची असेल तर ‘अवर गँग’ बेस्ट आहे, कारण यात हिरो, व्हिलन, जोकर सगळी पोरंच. अमेरिकेत हॅल रोच नावाच्या प्रोड्युसरने 1922 मध्ये ही सिरीज सुरू केली आणि 1944 पर्यंत 220 शॉर्ट फिल्म निघाल्या. आता 220 मधली कुठलीही उचलून लावलीत तर पोरं पाच मिनिटांत उठून जातील, म्हणून पहिली निवड महत्त्वाची. माझं मत विचाराल तर 1930 ची ‘टीचर्स पेट’. मूकपट नाहीये, बोलपट आहे, जेमतेम 20 मिनिटांची आहे, आणि शाळेची गोष्ट असल्यामुळे कुठल्याही पोराला वेगळं काही समजावून सांगावं लागत नाही.

शोधताना एक भानगड होते ती आधीच सांगतो. रोचने 1938 मध्ये ही सिरीज एमजीएम या स्टुडिओला विकली, नाव पण त्यांच्याकडे गेलं, म्हणून 1955 मध्ये रोचच्या बोलपट फिल्म टीव्हीवर आल्या त्या ‘द लिटल रास्कल्स’ या नावाने. त्यामुळे दोन्ही नावं टाकून सर्च करा, आणि 1994 चा त्याच नावाचा रंगीत पिक्चर आला तर तो सोडा, तो खूप नंतर नवी पोरं घेऊन काढलेला आहे. लांबी पण बघून घ्या, कारण टीव्हीसाठी कापलेल्या कॉप्या फिरत असतात. 12-13 मिनिटांची दिसली तर समजा कुठेतरी कात्री लागलीय.

ऑटोमॅटिक सबटायटलवर विसंबू नका, जुनं रेकॉर्डिंग आणि त्यात पोरांचं तोंडातल्या तोंडात बोलणं, काहीच्या काही छापून येतं. त्यापेक्षा लावायच्या आधी एवढंच सांगा की आवडत्या बाईंचं लग्न झालंय म्हणून त्या शाळा सोडून गेल्यात, आता क्रॅबट्री नावाच्या नवीन बाई येणारेत, आणि नाव ऐकूनच पोरांनी ठरवून टाकलंय की ही म्हातारी खडूस असणार, तर पहिल्याच दिवशी हिला पळवून लावायचं. पुढचं काही सांगू नका.

खरी मजा गाडीतल्या सीनमध्ये आहे. जॅकी शाळेत चाललाय, वाटेत एक सुंदर बाई त्याला लिफ्ट देते, आणि हा पठ्ठ्या गप्पांच्या ओघात पांढरा उंदीर, मुंग्या, शिंकांची पावडर, सगळा प्लॅन तिला सांगून मोकळा होतो. तीच नवीन बाई! ती अजिबात चिडत नाही, आणखी एकेक प्रश्न विचारून सगळं काढून घेते. इथे फिल्म पॉज करा आणि पोरांना विचारा, ही कोण असेल? ज्याला कळलेलं असतं त्याला सांगितल्याशिवाय राहवत नाही, आणि मग वर्गात जॅकीची जी तंतरते ती बघायला पोरं अक्षरशः पुढे सरकून बसतात. आइस्क्रीमचा शेवट मात्र मध्ये न बोलता बघू द्या. हा जॅकी म्हणजे जॅकी कूपर, पुढच्याच वर्षीच्या ‘स्किपी’साठी त्याला बेस्ट अॅक्टरचं ऑस्कर नॉमिनेशन मिळालं, वय नऊ. आणि 1978 च्या ‘सुपरमॅन’मधला पेपरचा संपादक पण हाच, हे मोठ्यांना सांगा, पोरांना काही घेणंदेणं नसतं.

आता एक नाजूक गोष्ट. या गँगमध्ये काळी आणि गोरी पोरं एकत्र खेळतात, एका वर्गात बसतात, आणि ज्या काळात अमेरिकेत कितीतरी ठिकाणी शाळासुद्धा वेगळ्या होत्या त्या काळासाठी ही मोठी गोष्ट होती. पण काळ्या पोरांवर केलेले काही विनोद आज बघवत नाहीत, बोलण्याच्या ढबीवरून, घाबरण्यावरून वगैरे. म्हणून प्रत्येक फिल्म आधी एकट्याने बघा. एखादा सीन खटकला तर सरळ फॉरवर्ड करा, आणि पोरगं जरा मोठं असेल तर थांबून बोला की हा जोक कोणाच्या जिवावर चाललाय. गुपचूप कापून टाकण्यापेक्षा मला हे बरं वाटतं.

‘टीचर्स पेट’ आवडली तर त्याच बाईंची ‘स्कूल्स आउट’ लावा, 1930 चीच, त्यात बाई लग्न करून जातील या भीतीने पोरं घाबरलेली असतात आणि बाईंच्या सख्ख्या भावालाच नवरदेव समजतात. मग ‘लव्ह बिझनेस’, 1931. त्यानंतर स्पँकी आणि अल्फाल्फा या गँगमधल्या नंतरच्या पोरांच्या काळात या, तिथे ‘बोअर्ड ऑफ एज्युकेशन’ (1936) चुकवू नका, शाळा बुडवायला तोंडात फुगा कोंबून दात दुखल्याचं नाटक करतात, जेमतेम 10 मिनिटांची आहे आणि तिला ऑस्कर मिळालेलं आहे. दातदुखीची आयडिया पोरांनी उचलली तर त्याची तयारी ठेवा. 1938 नंतरच्या एमजीएमवाल्या शेवटी ठेवा, किंवा सोडल्या तरी चालेल, त्यात गोष्ट कमी आणि उपदेश जास्त. मूकपट पण आत्ता नको, मध्ये मध्ये येणाऱ्या इंग्लिश पाट्या वाचून दाखवता दाखवता आपलाच घसा बसतो.